उकंडरावांच्या नावातला अर्धा त

प्राचार्यांचा निरोप आला तेव्हा मालविका बी.ए.च्या चाचणीचे पेपर तपासत बसली होती. नांदेडच्या त्या महाविद्यालयात ती गेली काही वर्षं तासिका तत्त्वावर मराठी शिकवत होती. म्हणजे दर जूनला नेमणूक नव्याने, आणि उन्हाळाभर नुसती वाट बघणं. त्यामुळे प्राचार्यांनी बोलावलं की आधी तिला आपली चूकच आठवायला लागायची.

केबिनमध्ये प्राचार्य माधवराव स्वतःच्या खुर्चीत नव्हते. तिथे संस्थेचे अध्यक्ष किशनराव बसले होते आणि माधवराव बाजूला, पाहुण्यांच्या खुर्चीत. किशनराव साठीचे, पांढरेशुभ्र कपडे, बोलणं मऊ. त्यांनी तिला बसायला सांगितलं, चहा मागवला आणि मोबाइल पुढे केला. त्यावर काळ्या ग्रॅनाइटच्या पाटीचा नमुना होता. सोनेरी अक्षरं: 'कै. उत्कंडराव विज्ञान भवन'.

"उत्कंडराव?" मालविकाने विचारलं. "तुमच्या वडिलांचं नाव उकंडराव होतं ना?"

"तेच तर," किशनराव म्हणाले. "मॅडम, तुमच्यापासून काय लपवायचं. शाळेत पोरं मला उकिरड्याचा म्हणायची. मास्तर हजेरी घ्यायचे, किशन उकंडराव म्हटलं की सगळा वर्ग नाक धरायचा. मी दादांना लई सांगितलं, कोर्टात जाऊन नाव बदलून घेऊ. शेवटपर्यंत ऐकलं न्हाई. आता ते गेले. इमारत उभी राहिली, पाहुणे येणार, पेपरात फोटो येणार. त्या पाटीवर उकिरडा कसा लिहायचा?"

माधवराव पुढे झुकले. "म्हणून मी मूळ संस्कृत रूप सुचवलं. उत्कंड. लोकांच्या तोंडी 'त'चा लोप झाला असणार. तुम्ही स्मरणिकेसाठी त्यावर लेख लिहायचा. व्युत्पत्ती, अर्थ, परंपरा. चारपाच पानं."

"सर, उत्कंड असा शब्द मी तरी कुठे पाहिला नाही."

"शोधलं की सापडतो," माधवराव हसून म्हणाले. हे गृहस्थ एके काळी भाषाशास्त्र शिकवत. त्यांच्याच टिपणांवर मालविका एम.ए. झाली होती. तेच आता अध्यक्षांच्या कपात स्वतःच्या हाताने साखर ढवळून देत होते. चमचा कपाला लागून किणकिणत होता आणि मालविकाला त्या आवाजाचीच शिसारी आली. तरीही तिने 'बघते' म्हटलं. जून जवळ आला होता.

शोधायला मात्र तिला मजा आली. उत्कंड कुठे नव्हताच. पण उत्कर होता. यज्ञाची जागा झाडून, खणून जो केरमातीचा ढीग वेदीच्या बाजूला टाकतात तो उत्कर. प्राकृतात उक्कुरुड, म्हणजे कचऱ्याचा ढीग. मराठीत उकिरडा, आणि इकडच्या बोलीत उकरंडा, उकंडा. म्हणजे प्राचार्यांनी सोनेरी अक्षरांत घातलेला तो अर्धा त माणसाला उकिरड्यातून बाहेर काढत नव्हता. जुन्या उकिरड्यावर नेऊन ठेवत होता, एवढंच. मालविका एकटीच खोलीत हसली.

नाव का ठेवतात हेही तिला ठाऊक होतं. ज्यांची लेकरं जगत नाहीत ते पुढच्या लेकराला घाणेरडं नाव ठेवतात. दगडू, केरबा, उकंडा. मृत्यूलाही किळस यावी आणि त्याने हात लावू नये म्हणून. तिला वाटलं, यात लाज कसली? कुणाच्या तरी आईने देवाशी केलेली ही लबाडी आहे. हे नीट लिहिलं तर किशनराव स्वतःच तो त काढून टाकतील. घरातली हकिकत मिळाली तर लेख आणखी जिवंत होईल. तिने किशनरावांना फोन केला.

"आमची आत्या हाय की गावाकडं, सगुणाबाई," ते म्हणाले. "दादांची धाकटी बहीण. नवरा गेल्यापासून आमच्याच जुन्या घरी राहते. तिला सगळं ठाऊक असतं. जा तुम्ही, मी सांगून ठेवतो."

गाव चाकूरपासून आत होतं. मालविका लोहा, अहमदपूर करत बसने गेली आणि चाकूरहून रिक्षाने. सगुणाबाई ऐंशीच्या पुढच्या, अंगाने वाळलेल्या, आवाजाने खणखणीत. चहा झाल्यावर त्यांनीच तिला परसात नेलं.

"ह्यो बघ उकंडा. ह्याच जागी हुता तवाबी."

भिंतीला लागून ढीग होता. खाली शेण, वर कोंबडीची पिसं, नासलेली वांगी, फाटक्या पिशव्या, कुणा नातवंडाचे फेकलेले डायपर. मधोमध काहीतरी काळं पाणी झिरपत होतं आणि त्यावर माशांचा थर हलत होता. मालविकाने ओढणी नाकाला लावली. म्हातारी तिच्याकडे बघून हसली. "वास येऊन राहिला? आमाला न्हाई येत आता."

मग दोघी ओसरीवर येऊन बसल्या आणि सगुणाबाई बोलायला लागल्या.

"आमच्या मायला आदी तीन पोरं झाली. तिन्ही गेली. कुणी सटवीच्या आत गेलं, कुणी दात यायच्या वक्ताला. मग दादा झाला. माय तापानं फणफणलेली, अंगावर दुधाचा थेंब न्हाई. आज्जी म्हनली, ह्ये लेकरू आपलं न्हाईच म्हना. सुपात घातलं आन् नेऊन ठिवलं उकंड्यावर. आन् धुरपताला बलावलं."

"धुरपता कोण?"

"वस्तीतली. गावाभाईर न्हाई का, तिकडली." सगुणाबाईंनी हाताने मावळतीकडे दाखवलं. "आमच्या हितली ढोरं मेली तर तिचा सासरा वढून न्यायचा. तिचा नवरा त्याच साली गेल्ता. पदरी एक पोरगी हुती, आन् मागून झालेलं तान्हं, त्येबी नुकतंच मेलं हुतं. अंगावर दूध तुंबलेलं. तिला सांगितलं, उकंड्यावरचं उचल, ह्ये तुजं. तिनं उचललं. तितंच भिताडाला टेकून बसली आन् पाजलं."

मालविका लिहायची थांबली. "आणि मग?"

"मग काय, रोज दोन्ही वक्ताला यायची. गोठ्यात बसून पाजायची. दादा चालाया लागंपर्यंत. घरात न्हाई यायची, गोठ्यातच." म्हातारीने जरा घसा खाकरला. "ती पाजून गेली की आज्जी पोराला आंघूळ घालायची. ती बसलेली जागा शेणानं सारवायची, गोमूत्र शिंपायची. मी बारकी असताना माय सांगायची ह्ये, आन् हसायची. दूध पोटात गेलेलं चाललं बग. हात लागलेला न्हाई चालला."

सगुणाबाईही हसल्या. सवयीने हसल्या असाव्यात, पण मालविकाच्या घशाशी काहीतरी आंबट आलं. मघाच्या ढिगापाशी नुसता वास आला होता. हे तसं नव्हतं. ज्या बाईचं स्वतःचं लेकरू नुकतंच पुरलेलं, तिच्या छातीशी आपलं लेकरू लावायचं आणि ते पिऊन झालं की तिचा स्पर्श खरवडून काढायचा. रोज. दोन्ही वेळा. तिने समोरचा चहाचा रिकामा कप दूर सरकवला.

"दादा तिला आई म्हनायचा," सगुणाबाई पुढे म्हणाल्या. "धुरपताआई. सनाला ती आंगणाच्या कडंला येऊन हुबी राहायची, ह्यो पळत जायचा. मोठा झाला तरी जायचा. मग एक डाव पाव्हण्यांच्या म्होरं तिला आई म्हनला आन् बापानं आसा हानला, आसा हानला, की कानातून रगत. तवापसून न्हाई गेला. पुडं मोठा मानूस झाला, सभापती झाला. तिचं नाव काडायचा न्हाई. ती मेली तवा मातीलाबी गेला न्हाई. पर त्या दिशी जेवला न्हाई. ताट तसंच ठिवलं. किशनला ठाव न्हाई, किशन तवा बारका."

"आणि नाव? नाव बदलायला सगळे सांगत होते म्हणे."

"न्हाई म्हनला. म्या इच्यारलं एकदा, का रं दादा? तर म्हनला, सगुणे, ह्ये नाव तिनं उचलताना पडलंय. आता तेवडंच हाय. तिची नात नांदेडलाच हाय. सरकारी दवाखान्यात सिस्टर हाय. पंचशीला नाव. चांगली शिकली पोरगी."

परतीच्या बसमध्ये मालविकाला उलटी झाली. शेजारच्या बाईने पाण्याची बाटली दिली आणि म्हणाली, घाटात हुतंय असं. त्या रस्त्याला घाट नव्हता.

पंचशीला तिला दवाखान्याच्या कँटीनमध्ये भेटली. पन्नाशी ओलांडलेली, ठाम, ड्युटी संपवून आलेली. मालविकाने सगळं सांगितलं. पंचशीलाला नवं काहीच नव्हतं.

"आमच्या घरी ही गोष्ट सगळ्यांना माहीत आहे," ती म्हणाली. "आई सांगायची. आजी पाजून घरी आली की तिला आधी आंघोळ करावीशी वाटायची म्हणे. त्यांना तिची घाण वाटायची आणि तिला त्यांची. गोठ्यात बसवायचे ना. अंगाला गोचीड लागून यायची. ते लेकरू मात्र तिला आवडायचं. त्याचा काय दोष?"

"मी हे लिहिलं तर चालेल तुम्हाला?"

पंचशीलाने तिच्याकडे निरखून बघितलं. "कुठं छापणार? त्यांच्याच पुस्तकात? छापतील ते?"

"छापतील असं वाटतं. त्यांना नावाची लाज वाटते, ती यानं जाईल."

"मग लिहा. पण नाव लिहा तिचं. धुरपताबाई. एक बाई, एक गरीब बाई असलं काही लिहू नका. आमच्या माणसांना कायम तसंच लिहितात."

मालविकाने वचन दिलं आणि लेख लिहिला. उत्कर, उक्कुरुड, उकिरडा, उकंडा. मग सूप, मग धुरपताबाई, गोठा, दूध, आंघोळ, सारवण, सगळं. शेवटी उकंडरावांचं बहिणीजवळचं ते एक वाक्य. आतापर्यंत लिहिलेलं सगळ्यात खरं काही असेल तर हे, असं तिला वाटलं. पाटीवर साधं 'उकंडराव' लिहावं अशी विनंतीही तिने जोडली.

किशनरावांनी तिला घरी बोलावलं. शिवाजीनगरातला बंगला, दिवाणखान्यात वडिलांचा हार घातलेला मोठा फोटो. माधवराव आधीच येऊन बसलेले. किशनरावांनी लेख वाचला होता, आणि त्यांचे डोळे खरंच ओले होते.

"मॅडम, तुम्ही माझा बाप मला दाखवला," ते म्हणाले. "तीन पोरं गेलेली, आईनं काळजावर दगड ठेवून उकिरड्यावर ठेवलं असेल. मला उगाच लाज वाटायची. उकिरड्याचं राहू द्या. लोकांना आवडंल ते. गरिबीतून वर आले, उकिरड्यावरून उठून इमारत उभी केली. चांगलं वाटतं ऐकायला."

मालविकाचा जीव भांड्यात पडला. "मग पाटी बदलणार ना?"

"पाटीचं बघू. एक करा फक्त." त्यांनी कागद उलटला. बोट एका परिच्छेदावर ठेवलं. "हे काढा. ह्या बाईचं."

"कोणतं?"

"हे दुधाचं."

मालविकाला आधी वाटलं, त्यांना आंघोळीची, गोमूत्राची लाज वाटत असेल. आपल्या घराने काय केलं त्याची. "ते थोडं सौम्य करता येईल," ती म्हणाली. "पण धुरपताबाई तर..."

"आंघोळीचं राहू द्या की. त्यात काय, तवाची रीतच होती. स्वच्छता पाळायची माणसं." किशनराव समजावणीच्या सुरात म्हणाले. "तुम्ही समजून घ्या. माझ्या पोरीचं लग्न ठरतंय. पाव्हणे जुन्या वळणाचे. त्यांच्या हातात स्मरणिका जाणार. आजोबा कुणाच्या दुधावर वाढले हे त्यांनी वाचायचं? शेण चालतं मॅडम. शेणाला कुणी नाव ठेवत न्हाई."

खोलीत उदबत्तीचा वास होता. फोटोपुढे समई तेवत होती. मालविकाला एकाएकी तो सगळा दिवाणखाना त्या परसातल्या ढिगासारखा वाटला, आणि ढीग बरा वाटला. ढिगाने निदान आपण काय आहोत हे झाकलेलं नव्हतं.

"मी ते काढणार नाही," ती म्हणाली. "तसं असेल तर लेख छापू नका."

"असं तोडून बोलू नये," माधवराव म्हणाले. "मालविका, तू हुशार मुलगी आहेस. जूनमध्ये पूर्णवेळची जागा निघतेय. मी तुझ्या लेखावर थोडा हात फिरवतो, बस."

"सर, माझं नाव घालू नका मग."

"बरं, बरं. बघतो मी."

उद्घाटनाच्या दिवशी ती गेली नसती. पण सगळ्या शिक्षकांना हजेरी सक्तीची होती. मांडवात पेढ्यांचे खोके फिरत होते, पंख्यांचा घरघराट, सुगंधी पाण्याचे फवारे. पाटीवरचा पडदा ओढला गेला. 'उत्कंडराव'. त अर्धाच, सोनेरी. टाळ्या झाल्या. मग स्मरणिका वाटल्या गेल्या आणि मालविकाने मागच्या रांगेत बसून आपलं नाव शोधलं. होतं. जाड ठशात, फोटोसह.

लेख तिचाच होता आणि नव्हता. उत्कर म्हणजे यज्ञवेदीशेजारील पवित्र स्थान, असं लिहिलं होतं. केराचा उल्लेखच नव्हता. पुढे होतं: 'बाळाला त्या पवित्र मृत्तिकेवर ठेवण्यात आले. तेथून एका कुलीन, पुण्यवान सुवासिनीने त्यास ओटीत घेतले व आपल्या मातृत्वाचा पान्हा दिला.'

कुलीन. सुवासिनी. मालविकाने ते वाक्य पुन्हा वाचलं. धुरपताला नुसतं पुसलं नव्हतं. तिचं मेलेलं लेकरू, मेलेला नवरा, वस्ती, गोठा सगळं ओरबाडून काढलं होतं आणि त्या दुधाला दुसरीच बाई चिकटवली होती. दूध तेवढं ठेवलं होतं. त्यावर मालविकाची सही होती.

शेजारच्या प्राध्यापकांनी पेढा पुढे केला. खवा, तूप, वेलची. तो वास नाकात गेला मात्र, ती उठली, रांगेतून कुणाच्या पायांवर पाय देत बाहेर पडली आणि नव्या इमारतीच्या कोपऱ्यावर, ताज्या रंगाच्या भिंतीला हात टेकून ओकली. पोटात काही नव्हतं. तरी बराच वेळ उमासे येत राहिले. एक शिपाई धावत आला. "मॅडम, ऊन लागलं का?" ती नाही म्हणाली. तोंड पुसून ती मांडवात परत गेली ती थेट माधवरावांपाशी. ते पाहुण्यांना निरोप देत होते.

"सर, कुलीन सुवासिनी तुम्ही लिहिलंत?"

"हळू बोल."

"तुम्ही आम्हाला शिकवलं होतंत. शब्दाचा एक जरी टप्पा खोटा लिहिला तर पुढचं सगळं खोटं होतं. टिपण आहे माझ्याकडे अजून."

माधवरावांनी आजूबाजूला बघितलं. त्यांच्या ओठाला पेढ्याचा कण चिकटला होता. "मला निवृत्तीला एक वर्ष राहिलंय," ते म्हणाले. मालविकाला त्यांच्यावर ओरडायचं होतं. पण त्या कणाकडे बघवेना, म्हणून ती निघून गेली.

मूळ लेख तिने लातूरच्या एका दैनिकाच्या रविवार पुरवणीला पाठवला. सोबत दोन ओळी: स्मरणिकेत माझ्या नावावर छापलेला मजकूर माझा नाही. पाठवण्याआधी ती पंचशीलाला भेटली. स्मरणिका दाखवली. पंचशीलाने ते पान वाचलं, मिटलं आणि टेबलावर ठेवून दिलं. मग हाताला जंतुनाशक चोळलं, दवाखान्यातल्या सवयीने.

"विधवेला सुवासिनी केलं," ती म्हणाली. "जिवंतपणी तिच्या कपाळाकडं कुणी बघितलं न्हाई. छापा मॅडम. आता छापाच."

लेख छापून आला. फोन पुष्कळ आले. कुणी शिव्या दिल्या, कुणी आपापल्या गावातल्या उकंडांच्या गोष्टी सांगितल्या. बिलोलीकडून एका माणसाने सांगितलं की त्याच्या आजोबांनाही असंच वस्तीतल्या बाईने उचललं होतं, आणि तिचं नाव घरात कुणालाच आठवत नाही. तो हे सांगताना रडत होता. किशनरावांच्या मुलीचं लग्न ठरल्याप्रमाणे झालं. पाव्हण्यांनी पुरवणी वाचली की नाही, कुणास ठाऊक. पाटी आहे तशीच राहिली.

जूनमध्ये मालविकाची नेमणूक झाली नाही. तिला ते अपेक्षित होतं. तरी जुलैत विद्यार्थ्यांचे घोळके रस्त्याने जाताना दिसले की ती थांबून बघत राहायची. लातूरला स्पर्धा परीक्षांच्या एका क्लासमध्ये मराठी व्याकरण शिकवायचं काम मिळालं, ते तिने घेतलं. आठवड्यातून चार दिवस ती तिथे खोली करून राहू लागली.

तिथेच एका दुपारी सगुणाबाईंचा फोन आला. कुणाकडून तरी लेख वाचून घेतला होता.

"किशन लई भडकलाय," त्या म्हणाल्या. "मला म्हनला, आत्या, तू कशाला तोंड उघडलंस. म्या म्हनलं, तूच धाडलंतास त्या पोरीला." मग खालच्या आवाजात: "तू ते सारवायचं लिव्हलंस. म्या हसले त्येबी लिव्हलंस."

"तुम्हाला राग आला का, आजी?"

"वाचून दावलं तवा लाज वाटली. म्या हसले हुते व्हय? आसंल." पलीकडून कोंबड्यांचा कलकलाट येत होता. "एक काम कर. धुरपताच्या नातीला घिऊन ये हिकडं. माज्या हातचं जेवून जाऊ दे तिला. आत, चुलीपाशी बसून. म्या हाय तवर."

मालविकाने शनिवारी नांदेडला गेल्यावर पंचशीलाला हे सांगितलं. पंचशीला चटकन हो म्हणेल, असं तिला वाटलं होतं.

कँटीनच्या बाहेर एक ॲम्ब्युलन्स येऊन थांबली, माणसं धावली, पंचशीला वळूनही न बघता बसून राहिली.

"म्हातारीवर माझा राग न्हाई," ती अखेर म्हणाली. "तिला सांगा, निरोप पोचला. पण मी न्हाई येणार. मी रोज लोकांचं रक्त, पू, सगळं साफ करते मॅडम, मला कशाची घाण वाटत न्हाई. त्या घरात बसून मात्र घास खाली उतरायचा न्हाई माझ्या. मला किळस येते. त्यांना इतकी वर्षं आमची येत होती, तेव्हा त्यांना कुणी विचारलं न्हाई का येते म्हणून. मलाही विचारू नका."

मालविकाने विचारलं नाही. रात्री तिने सगुणाबाईंना फोन लावला आणि शब्द न बदलता सगळं सांगितलं.

"खरं हाय तिचं," म्हातारी म्हणाली. "माजंबी चुकलंच. अजूनबी आमीच बलवायचं, आन् त्यांनीच यायचं, व्हय?" मग तिने विचारलं, "पर नाव पुरं छापलंस ना तिच्या आज्जीचं?"

"हो. धुरपताबाई."

"मग ठीक हाय," सगुणाबाई म्हणाल्या आणि फोन ठेवून दिला.